आडनाव बदललेली गाडी

नामपूरच्या पेठेत नवे वाहन आले की पहिला प्रश्न ‘किती देते?’ हा असतो आणि दुसरा ‘कोणाची आहे?’ हा. २००८ सालच्या दसऱ्याला तेथील भुसार मालाच्या एका पेढीसमोर पांढरी लोगन उभी राहिली, तेव्हा पहिल्या प्रश्नाचे उत्तर सोपे होते. डिझेलची गाडी, लिटरमागे अठरा किलोमीटर कुठे गेले नाहीत. दुसऱ्या प्रश्नापाशी मात्र पेढीचे मुनीमजीही थबकत. महिंद्राची म्हणावी, तर समोरच्या जाळीवर पत्त्यांतल्या चौकटीसारखे रेनो या फ्रेंच कंपनीचे चिन्ह. रेनोची म्हणावी, तर गाडी नाशिकच्या महिंद्राच्या कारखान्यात बनलेली. त्यातच पुण्याला शिकणाऱ्या एका नातवाने माहिती पुरवली की, युरोपात हीच गाडी डाचिया या तिसऱ्याच नावाने धावते. अखेर मुनीमजींनी उत्तर ठरवून टाकले, ‘आपल्या नाशिकची.’

पेढी दोन भावांची. थोरले नामपूरला गादीवर बसत आणि धाकटे मालेगावकडची विक्री सांभाळीत. घरात दोघांच्या वर एकच सत्ता होती, ती म्हणजे त्यांच्या आई, ज्यांना अवघे घर ‘बाई’ म्हणत असे. बाईंचे गुडघे पंचाहत्तरीनंतर वळेनासे झाले होते. उंच जीपगाडीत त्यांना चढता येत नसे आणि बुटक्या मोटारीत बसले तर उठता येत नसे. नाशिकच्या विक्रीदालनात त्या लोगनच्या मागच्या आसनावर बसल्या, पाय लांब केले आणि म्हणाल्या, “हीच घ्या. बाकी काही दाखवू नका.” गाडीच्या निवडीचा विषय तेथेच संपला.

बाईंना जी ऐसपैस जागा आवडली तिच्यामागे मोठा इतिहास होता. रेनोचे तत्कालीन अध्यक्ष लुई श्वाइट्झर हे १९९०च्या दशकात रशियाच्या दौऱ्यावर असताना त्यांच्या लक्षात आले की, जुन्या घाटणीच्या स्वस्त लाडा गाड्यांना तेथे गिऱ्हाईक आहे आणि दुप्पट किमतीच्या आधुनिक गाड्यांना नाही. पाच हजार युरोंत विकता येईल अशी, साधी पण आजच्या काळातली गाडी बनवायची, असा संकल्प त्यांनी केला. १९९९ साली रेनोने रुमानियातील डाचिया ही डबघाईला आलेली सरकारी कंपनी विकत घेतली. डाचिया हे त्या भूमीचे प्राचीन नाव. तेथील मिओवेनी गावच्या कारखान्यातून २००४ साली लोगन बाहेर पडली.

या गाडीतील काटकसर वाणिज्य शाखेच्या विद्यार्थ्यांना शिकवावी अशी आहे. तिचे बाहेरचे दोन्ही आरसे एकाच साच्यातले. डावा आणि उजवा असा भेदच ठेवला नाही. त्यामुळे साचा एक, भागाचा क्रमांक एक, आणि वखारीत साठाही एकाच प्रकारचा. समोरची काच शक्य तितकी कमी वळणाची, कारण वळण वाढले की काचेचा खर्च वाढतो आणि फुटतुटीचे प्रमाणही. चालकापुढचा सारा फलक एकाच तुकड्यात ओतलेला. मात्र जेथे माणूस बसतो तेथे हात आखडता घेतलेला नाही. मागे तिघे मोठे माणूस खांद्याला खांदा न घासता बसत आणि डिकी ५१० लिटरांची. इंजिन १,४६१ घनसेंटिमीटरचे डिझेल. त्याच घराण्यातली इंजिने निसानच्याच नव्हे, तर मर्सिडीजच्याही काही लहान गाड्यांत बसवली गेली. पैसा कोठे वाचवायचा आणि कोठे वाचवायचा नाही हे ज्याला कळते, त्याला व्यापार कळला असे जुने लोक म्हणत. त्या मापाने लोगन करणाऱ्यांना व्यापार उत्तम कळत होता.

आता नावांचा प्रश्न. एकच गाडी दोन नावांनी का विकावी? पश्चिम युरोपात रेनोची स्वतःची मोठी दुकानदारी होती. तेथे इतकी स्वस्त गाडी आपल्या नावावर विकली, तर आपल्याच महागड्या मोटारींचे मोल उतरेल, ही धास्ती. म्हणून तेथे ती धाकट्या बहिणीच्या, म्हणजे डाचियाच्या नावाने विकली गेली. रशियात आणि ब्राझीलमध्ये गिऱ्हाइकाला रेनो या नावाचेच अप्रूप, म्हणून तेथे ती रेनो झाली. इराणमध्ये तिला टोंदार म्हणत आणि मेक्सिकोत तिच्यावर निसानचा शिक्का मारून तिचे नाव अप्रिओ ठेवले. एकाच वखारीतला गहू पेठेतल्या दुकानात एका नावाने आणि आठवडे बाजारात दुसऱ्या नावाने विकणारे व्यापारी बागलाणात काही कमी नाहीत. त्यांना यात नवल वाटण्याचे कारण नव्हते.

महाराष्ट्रातच याचे दुसरे उदाहरण पाहायला मिळाले. चाकणच्या कारखान्यातून फोक्सवॅगनची व्हेंटो २०१० साली आली आणि पुढच्याच वर्षी तेथूनच स्कोडाची रॅपिड. अंगकाठी तीच, मुखवटा वेगळा. दोन्ही आता बंद झाल्या. चेन्नईजवळ रेनोची डस्टर आणि निसानची टेरानो अशाच जुळ्या जन्मल्या. निसानचा शिक्का लागला की किंमत किंचित वर चढे. शिक्क्याचे एवढे पैसे मोजायचे का, हा ज्याच्या त्याच्या मनाचा प्रश्न. हिशेबाने पाहिले तर मोजू नयेत.

भारतात लोगनला मात्र दोन बहिणींची नव्हे, दोन परक्या घराण्यांची नावे एकत्र मिळाली. २००५ साली महिंद्रा आणि रेनो यांनी ५१ आणि ४९ टक्क्यांच्या हिश्शाने भागीदारी केली. नाशिकला परदेशी भागीदाराचा अनुभव नवा नव्हता. १९९६ पासून काही वर्षे फोर्डची एस्कॉर्ट गाडी येथेच महिंद्राच्या भागीदारीत जोडली जात होती; पुढे फोर्डने चेन्नईजवळ आपली स्वतंत्र चूल मांडली. तरीही लोगनच्या वेळी उत्साह मोठा होता. उजवीकडून चालवण्याची लोगन नाशिकला तयार झाली आणि एप्रिल २००७ मध्ये ती बाजारात आली. किंमत सुमारे सव्वाचार लाखांपासून पुढे. नामपूर-सटाण्याकडची कितीतरी मुले आयटीआय करून सातपूर-अंबडच्या कारखान्यांत लागलेली. त्यामुळे ‘आपल्या नाशिकची’ या शब्दांना नामपूरच्या पेठेत वजन होते.

पहिल्या वर्षानंतर खप मात्र घसरत गेला. लोक सांगत, रूप चौकोनी आहे, पेटीसारखे आहे. ते खरे होते, पण तेवढेच कारण नव्हते. २००६ च्या अर्थसंकल्पात लहान मोटारींवरचे उत्पादनशुल्क २४ वरून १६ टक्क्यांवर आणले गेले आणि २००८ मध्ये ते १२ टक्के झाले. लहान म्हणजे कोणती? तर लांबी चार मीटरांच्या आत आणि इंजिन पेट्रोलचे असल्यास १,२०० व डिझेलचे असल्यास १,५०० घनसेंटिमीटरांपर्यंत. लोगनचे डिझेल इंजिन या मर्यादेत बसत होते, पण लांबी सव्वाचार मीटरांच्या आसपास. म्हणजे गरिबांसाठी जन्मलेली ही गाडी आपल्याकडे कराच्या खतावणीत श्रीमंतांच्या पानावर गेली. स्पर्धकांनी मागचा भाग छाटून गाड्या चार मीटरांत बसवल्या. टाटांनी २००८ मध्येच ती वाट दाखवली. जी डिकी लोगनचे वैभव होती तीच तिच्या गळ्यातला धोंडा ठरली. त्यातच मुंबईत मेरू टॅक्सीसेवेने लोगन मोठ्या संख्येने रस्त्यावर आणल्या. टॅक्सीवाल्याने निवडलेली गाडी खरे तर दणकट आणि किफायतशीर असते, कारण तो भावनेने खरेदी करीत नाही. परंतु आपल्याकडे दारात उभी राहणारी मोटार शेजाऱ्याच्या डोळ्यांसाठीही घेतली जाते. नामपूरच्या पेढीवरही एका पाहुण्याने ‘भाडे किती घेता?’ असे विचारून थोरल्यांचा चेहरा उतरवला होता.

बाईंना या कशाचेच सोयरसुतक नव्हते. गाडी घरची झाली. चातुर्मासात प्रवचनाला, मालेगावला डोळे तपासायला, आणि दर दोन-तीन महिन्यांनी मांगीतुंगीला. पर्वत चढणे सुटले होते. पायथ्याशी दर्शन घेऊन त्या परतत. डिकीत घरचे पाणी, डबे, बाईंची घडीची खुर्ची आणि वाटेत कोणा शेतकऱ्याने प्रेमाने दिलेले डाळिंबाचे खोके हे ठरलेले. लग्नसराईत मिठाईच्या पेट्या याच डिकीतून गेल्या. पंचक्रोशीत कोणाला रात्रीअपरात्री दवाखान्यात न्यायचे असले की लोगनच्या किल्लीसाठी माणूस येई, आणि किल्ली मागणाऱ्याचे नाव विचारण्याची पद्धत त्या घरात नव्हती.

एप्रिल २०१० मध्ये महिंद्रा व रेनो यांची फारकत जाहीर झाली. महिंद्राने रेनोचा ४९ टक्के हिस्सा घेतला. वृत्तपत्रांनी फसलेल्या विवाहाची उपमा वापरली, पण त्या करारातील तरतुदींकडे फारसे कोणी लक्ष दिले नाही, आणि महत्त्वाचे तर तेच होते. गाडी बनवण्याचा परवाना महिंद्राकडे राहिला. इंजिन, गिअरबॉक्स यांसारखे मुख्य भाग रेनोने पुरवीत राहायचे ठरले. नाव आणि चौकटीचे चिन्ह मात्र ज्याचे त्याला परत. म्हणून एप्रिल २०११ मध्ये तीच गाडी, त्याच नाशिकच्या कारखान्यातून, महिंद्रा व्हेरिटो या नावाने पुढे आली. हिशेबाच्या भाषेत बोलायचे, तर यंत्रसामग्री एका भागीदाराकडे गेली, नावलौकिक दुसऱ्याकडे, आणि ज्यांनी दोघांच्या भरवशावर गाडी घेतली त्यांना सुटे भाग मिळत राहतील याची सोय दोघांनी मिळून केली. भागीदारी मोडताना माणसे आपापले घेण्यात इतकी गुंततात की तिसऱ्याचा, म्हणजे गिऱ्हाइकाचा, विचार राहून जातो. येथे तो राहिला नाही. रेनो पुढे स्वतंत्रपणे भारतात आली आणि २०१२ मध्ये तिच्या डस्टरने बाजार गाजवला. ही डस्टर लोगनच्याच कुळातली, युरोपात डाचियाच्याच नावाने विकली जाणारी. तीच हाडे, पण उंच बांधा. रूपाचा महिमा एवढा.

नामपूरच्या पेढीची वाटणी ३१ मार्च २०१४ रोजी झाली. कारण सांगण्यासारखे मोठे नव्हते. पुढच्या पिढीची लग्ने झाली, मालेगावचा व्यवहार वाढला, उधारीवरून दोनदा शब्दाला शब्द लागला आणि मग बोलणे कमी होत गेले. शेवटचे चार महिने दोघे भाऊ मुनीमजींच्या मार्फतच बोलत. वखार, गादी, येणी, देणी यांची वाटणी सनदी लेखापालांनी दोन बैठकांत संपवली. तिसऱ्या बैठकीत गाडी निघाली, कारण ती पेढीच्या नावावर होती.

ताळेबंदात गाडीची किंमत होती दोन लाख शेहेचाळीस हजार. मूळ खरेदी सहा लाखांची. दसऱ्यापासून मार्चअखेरपर्यंत १८० दिवस भरले नाहीत म्हणून पहिल्या वर्षी निम्माच घसारा, आणि नंतर दरसाल १५ टक्के. बाजारात मात्र ‘टॅक्सीची गाडी’ या लौकिकामुळे कोणी पावणेदोन लाखांच्या वर जाईना. गाडी थोरल्यांनी ठेवावी, कारण बाई त्यांच्याकडे राहणार, एवढ्यावर एकमत होते. मग वाद उभा राहिला तो किमतीवर, आणि तो उलटा होता. थोरले म्हणाले, वहीत जी किंमत आहे ती मी धरणार. धाकटे म्हणाले, “भाईसाहेब, बाजारात जे मोल आहे त्याहून एक रुपया जास्त तुमच्या नावे पडता कामा नये.” चार महिन्यांत ते थोरल्यांशी थेट बोललेले हे पहिले वाक्य. लेखापालांनी आपल्या कारकिर्दीत किंमत वाढवून घेणारे आणि पाडून मागणारे पुष्कळ पाहिले असतील. घेणारा वाढवतो आहे आणि देणारा पाडतो आहे, असा सौदा त्यांच्यापुढे बहुधा पहिलाच. पाऊण तास तो चालला. अखेर बाईंनी आतून निरोप पाठवला की, गाडी कोणाच्याही नावावर करा, पण दोघांपैकी ज्याला मला कुठे न्यायचे असेल त्याला किल्ली मिळाली पाहिजे, हे कागदावर लिहा. पेढीच्या विसर्जनपत्रात असे कलम बसत नाही, असे लेखापालांनी नम्रपणे सांगितले. तरीही ते लिहिले गेले. किंमत ठरली दोन लाख दहा हजार, म्हणजे दोन्ही आकड्यांच्या जवळजवळ मध्यावर.

त्या कलमाने काय केले, हे वकिलाला सांगता येणार नाही. महिन्यातून एकदा तरी धाकटे किल्ली न्यायला नामपूरला येऊ लागले. किल्ली घ्यायची म्हणजे घरात यावे लागे, घरात आले की चहा, आणि चहापाशी बाई बसलेल्या. २०१६ च्या फेब्रुवारीत मांगीतुंगीला १०८ फुटी ऋषभदेव मूर्तीच्या प्रतिष्ठेचा सोहळा झाला, तेव्हा त्या गर्दीत बाईंना मधे बसवून दोघे भाऊ एकाच गाडीतून गेले. गाडी थोरल्यांनी चालवली आणि परतताना धाकट्यांनी. बाई २०१८ साली गेल्या.

तिकडे गाडीच्या वंशाचीही अखेर जवळ येत होती. २०१३ मध्ये महिंद्राने व्हेरिटोची शेपटी कापून व्हाइब ही आवृत्ती काढली. लांबी ३,९९१ मिलिमीटर, म्हणजे चार मीटरांना केवळ नऊ मिलिमीटर कमी. कराची सवलत मिळाली, पण गिऱ्हाईक मिळाले नाही. २०१६ मध्ये तिच्याच अंगात वीजघट बसवून ई-व्हेरिटो आली आणि पुढे सरकारी कार्यालयांसाठी झालेल्या विजेच्या मोटारींच्या खरेदीत तिची वर्णी लागली. १ एप्रिल २०२० पासून प्रदूषणाचे भारत-६ निकष लागू झाले. जुने डिझेल इंजिन त्या निकषांवर आणण्याचा खर्च या गाडीवर करणे कोणत्याही हिशेबात बसणारे नव्हते. त्या उंबरठ्यावर डिझेलची व्हेरिटो थांबली. युरोपातली तिची भावंडे नव्या पिढ्यांच्या रूपाने पुढे चालत राहिली. आपल्याकडची शाखा खुंटली.

नामपूरच्या गाडीची मुदत २०२३ साली भरत होती. खासगी वाहनाची नोंदणी पंधरा वर्षांची. पुढे चालवायची, तर पासिंग करून पाच-पाच वर्षांनी नूतनीकरण. २०२२ पासून त्याचे शुल्क सहाशे रुपयांवरून पाच हजारांवर गेले, त्यावर पर्यावरण कर, आणि त्याआधी गाडी तपासणीत उतरेल एवढी दुरुस्त करणे आले. पुढचे शॉकॲब्सॉर्बर गेले होते. क्लच जड झाला होता. मालेगावच्या एका गॅरेजवाल्याने आकडा सांगितला तो गाडीच्या मोलाइतकाच. थोरल्यांचा मुलगा आता स्वतःच मोटारीचा हप्ता भरणारा. त्याने वडिलांना सरळ विचारले, “बाबूजी, वहीत हिची किंमत पन्नास हजार राहिली. पन्नास हजारांच्या वस्तूवर तेवढाच खर्च कोण करतो?” प्रश्न चुकीचा नव्हता. पेढीवर कोणी असे कर्ज मागायला आले असते, तर थोरल्यांनीच त्याला समजावून परत पाठवले असते.

थोरल्यांनी मात्र दुसरीच अडचण काढली. कलम बाईंच्या हयातीपुरते होते असे कागदावर कोठेही लिहिलेले नव्हते. बाईंना न्यायचे असेल तर किल्ली द्यावी, एवढेच त्यात होते. बाई नाहीत म्हणून गाडी आता एकट्याची झाली का, हे त्यांना उमगेना. म्हणून त्यांनी मालेगावला फोन केला आणि मोडीत काढायची असेल तर येणाऱ्या पैशांतला अर्धा हिस्सा पाठवतो, असे सांगितले. पलीकडून बराच वेळ काही उत्तर आले नाही. आठ दिवसांनी एका टेम्पोवाल्याच्या हाती खोके आले. त्यात व्हेरिटोचे पुढचे दोन शॉकॲब्सॉर्बर, क्लचचा संच आणि एक बाहेरचा आरसा होता. आरसा डावा की उजवा, याची चिठ्ठी नव्हती. तिची गरजही नव्हती.

गाडी मालेगावच्या आरटीओ कार्यालयात पासिंगला उभी राहिली, तेव्हा अधिकाऱ्याने कागद उलटसुलट पाहून विचारले, ही महिंद्रा की रेनो? बरोबर आलेल्या वृद्ध मुनीमजींनी पंधरा वर्षांपूर्वीचेच उत्तर दिले. नव्या नोंदणीची मुदत २०२८ पर्यंत आहे. किल्ली अजून देवघराबाहेरच्या खुंटीवर असते आणि गेल्या पर्युषणात ती चार दिवस मालेगावला होती.